पत्रिकेतला मंगळ आणि आपला कर्मसिद्धांत



निर्वाण लाडू चढवून झाला, चातुर्मास संपला, की आपल्याकडे स्थळांची धावपळ सुरू होते. मोबाइलवर एकामागून एक बायोडाटा येऊ लागतात. मुलीचं शिक्षण, उंची, वडिलांचं दुकान की शेती, मामेकुळ, आणि त्याच्या खाली एक ओळ ठळक अक्षरात: ‘मंगळ: नाही’. काही बायोडाटांत रात्रीभोजनाचा त्याग, रोज देवदर्शन हे त्या ओळीच्याही खाली असतं. आपण जैन आहोत हे सांगण्याआधी आपल्या मुलीला मंगळ नाही हे सांगायची घाई आपल्याला झालेली असते.

आज मला या ओळीबद्दलच बोलायचं आहे. ग्रहांबद्दल, त्यांच्या गोष्टींबद्दल, आणि आपण त्या गोष्टींचं काय करून ठेवलंय त्याबद्दल.

आधी एक सांगते. आकाशाकडे बघून हिशोब मांडणं आपल्या मातीला परकं नाही. आपलं वाशीम म्हणजे जुनं वत्सगुल्म, वाकाटकांच्या एका शाखेची राजधानी. गावात मध्यमेश्वराचं देऊळ आहे. जुन्या ज्योतिर्विदांनी लंकेपासून मेरू पर्वतापर्यंत जी मध्यरेषा कल्पिली, ती या देवळाच्या जागेवरून जाते असं मानतात. उज्जैन आणि कुरुक्षेत्र ही नावंही त्याच रेषेसोबत घेतली जातात. ग्रह आज कुठे आहे, सूर्य केव्हा उगवेल, हे गणित या रेषेपासून सुरू करायचं आणि मग आपलं गाव तिच्या पूर्वेला की पश्चिमेला, त्याप्रमाणे फरक करायचा. ग्रहगणित ही आपल्या लोकांनी शतकानुशतकं मेहनतीनं वाढवलेली विद्या आहे आणि तिचा मला अभिमानच वाटतो.

आपले कास्तकारही नक्षत्र बघतातच. जूनच्या पहिल्या आठवड्याअखेर मृग लागला की पंचांगात पावसाचं वाहन पाहतात, यंदा कोल्हा की मोर की बेडूक. पण वाहन बेडूक निघालं म्हणून कोणी कोरड्या रानात सोयाबीन टाकत नाही. हात मातीत घालून ओल किती खोल गेली ते पाहतात, मगच पेरतात. शेतात आपल्याकडे इतका शहाणपणा आहे. लग्नाच्या बैठकीत तो कुठे जातो?

आता ग्रहांच्या गोष्टींकडे येऊ. या गोष्टी मला फार आवडतात. पुराणात मंगळ हा भूमीचा मुलगा, म्हणून त्याचं नाव भौम. लाल रंगाचा, तापट, धडाडीचा. बुध हा चंद्राचा मुलगा, बोलका आणि हुशार. गुरू म्हणजे बृहस्पती, देवांचे आचार्य. शुक्र असुरांचे आचार्य, संजीवनी विद्या जाणणारे. शनी हा सूर्य आणि छायेचा मुलगा. शनैश्चर म्हणजे सावकाश चालणारा. खरंच तो सावकाश आहे, सूर्याभोवती एक फेरी पुरी करायला त्याला जवळजवळ साडेएकोणतीस वर्षं लागतात. राहू आणि केतू म्हणजे अमृत प्यायलेल्या एका असुराचं डोकं आणि धड. गणितात त्या दोन जागा आहेत, चंद्राची वाट सूर्याच्या वाटेला जिथे छेदते त्या.

जुन्या लोकांनी माणसाचा स्वभाव या नऊ जणांत वाटून ठेवला. रवी म्हणजे आपला मीपणा आणि तेज. चंद्र म्हणजे मन. मंगळ म्हणजे राग आणि हिंमत. बुध म्हणजे वाणी, गुरू म्हणजे ज्ञान, शुक्र म्हणजे प्रेम आणि संसाराची हौस. शनी म्हणजे कष्ट, उशीर आणि शिस्त. राहू म्हणजे हाव आणि भ्रम, केतू म्हणजे सगळ्यातून मन उठणं. घरात चार बायका एकत्र बसल्या की आपण हेच बोलत असतो, फक्त ग्रहांची नावं घेत नाही. आपल्या शास्त्रात याला कषाय म्हणतात: क्रोध, मान, माया, लोभ. म्हणून मला वाटतं, ग्रहांच्या गोष्टी आरशासारख्या वापराव्यात. मंगळवारी स्वतःला विचारावं, आज कोणावर ओरडले? बुधवारी विचारावं, आज जिभेनं कोणाला दुखावलं? शनिवारी विचारावं, कोणतं काम टाळलं? असा प्रत्येक वार आपल्या प्रतिक्रमणाला मदत करेल.

आपल्याकडे नवग्रह विधानही होतं. एकेका ग्रहापुढे एकेका तीर्थंकरांचं नाव ठेवलेलं आहे. रवीसाठी पद्मप्रभू, चंद्रासाठी चंद्रप्रभू, मंगळासाठी वासुपूज्य, शुक्रासाठी पुष्पदंत, शनीसाठी मुनिसुव्रतनाथ, राहूसाठी नेमिनाथ, केतूसाठी मल्लिनाथ आणि पार्श्वनाथ. बुध आणि गुरूसाठी आठ आठ तीर्थंकर. नीट बघितलं तर ही जोडणी किती विचारपूर्वक केली आहे ते कळतं. पद्मप्रभू आणि वासुपूज्य यांचा वर्ण लाल सांगितला आहे, सूर्य आणि मंगळासारखा. चंद्रप्रभू आणि पुष्पदंत शुभ्र. मुनिसुव्रतनाथ आणि नेमिनाथ श्यामवर्णी. मुनिसुव्रतनाथांचं चिन्ह कासव आहे, आणि शनीही तसाच सावकाश चालणारा. पार्श्वनाथांचं चिन्ह सर्प, आणि केतूची प्रतिमाही सापासारखी काढतात. ज्यांनी ही यादी केली त्यांना आपल्या श्राविका ओळखीच्या असणार. घाबरलेली बाई कुठेतरी जाणारच, तर ती वीतरागापुढे येऊन बसावी, असा त्यामागे हेतू असावा असं मला वाटतं.

पण त्यांच्यापुढे बसून आपण मागतो काय, ते बघा. मुलीचा मंगळ शांत व्हावा, लग्न जमावं म्हणून आपण वासुपूज्य भगवंतांना अर्घ्य वाहतो. वासुपूज्य कोण? आपल्या दिगंबर परंपरेतल्या पाच बालयतींपैकी एक. त्यांनी लग्नच केलं नाही. राहूसाठी ज्यांचं नाव घेतो ते नेमिनाथ तर वरातीतून परतले, बांधून ठेवलेल्या मुक्या जनावरांचा आक्रोश ऐकून. सिद्धशिलेवर विराजमान झालेले हे भगवंत खाली बघून आपल्या मुलीचं स्थळ पक्कं करतील, असं त्यांना मानणं हा त्यांचा अविनय नाही का? वासुपूज्यांपुढे बसून मागायचंच असेल तर क्रोध जिंकण्याचं बळ मागावं. आपल्या शिरपूरच्या अंतरिक्ष पार्श्वनाथांपुढे बसून समता मागावी. कमठानं पाण्याचा लोंढा आणला, धरणेंद्रानं फणा धरला, आणि भगवंतांच्या मनात दोघांसाठी सारखाच भाव होता. केतूची शांती याहून वेगळी काय असणार?

समंतभद्राचार्यांच्या रत्नकरंड श्रावकाचारात तीन मूढता सांगितल्या आहेत, आणि वर मिळावा म्हणून रागद्वेष असलेल्या देवांची उपासना करणं ही त्यातली एक. आता ग्रह कोण आहेत? आपल्या आगमाप्रमाणे सूर्य, चंद्र, ग्रह, नक्षत्रं आणि तारे हे पाच प्रकारचे ज्योतिषी देव. चित्रा पृथ्वीपासून ७९० योजनांवर तारे सुरू होतात आणि ९०० योजनांवर शनी. जंबूद्वीपात सूर्य दोन आणि चंद्रही दोन. एका चंद्राच्या परिवारात ८८ ग्रह आणि २८ नक्षत्रं. पत्रिकेत त्यातले मोजकेच येतात, बाकीच्यांची नावंही आपल्याला ठाऊक नाहीत आणि त्यांच्यावाचून कोणाचं काही अडत नाही. मुख्य म्हणजे हे देवही संसारी जीव आहेत. त्यांचंही आयुष्य संपतं, त्यांनाही कर्म लागलेलं आहे. जो स्वतः कर्मानं बांधलेला, तो माझ्या मुलीचं सुखदुःख कसं ठरवणार?

आता खरा मुद्दा. मंगळ असलेल्या मुलीबद्दल लोक काय म्हणतात? ती नवऱ्याला ‘जड’ जाते. म्हणजे ग्रह मुलीच्या पत्रिकेत आणि आयुष्य तुटणार नवऱ्याचं. मैत्रिणींनो, आपण पाठशाळेत आठ कर्मं शिकलो. ज्ञानावरणीय, दर्शनावरणीय, वेदनीय, मोहनीय, आयु, नाम, गोत्र, अंतराय. त्यातलं आयुकर्म प्रत्येक जीव स्वतः बांधतो आणि स्वतःच भोगतो. एकानं बांधलेलं कर्म दुसऱ्यानं भोगावं, हे आपल्या धर्मात बसतच नाही. बसलं असतं तर तपाला अर्थ उरला नसता; कोणाच्याही पापानं कोणीही नरकात गेलं असतं. ‘कडक मंगळ’ म्हणून मुलगी नाकारणारं घर त्या एका शब्दानं सगळा कर्मसिद्धांत नाकारतं. तेच घर दशलक्षणात दहा दिवस शास्त्र ऐकतं, याचं मला फार वाईट वाटतं.

कोणी म्हणेल, अगं पण निमित्त तर असतं ना? असतं. साप निमित्त होतो, गाडीचा ब्रेक निमित्त होतो, रात्री मोटर चालू करायला गेलेल्या माणसाला विजेची तार निमित्त होते. पण कोट्यवधी योजनं नको, इथल्या इथे बघू. तार उघडी असेल तर ती बुजवता येते, ब्रेक दुरुस्त करता येतो. मुलीच्या जन्माच्या वेळी एक ग्रह आकाशात कुठे होता, हा तिचा काय गुन्हा आणि त्याची दुरुस्ती ती काय करणार?

माझ्या नात्यात एक मुलगी आहे. एम.एस्सी., बी.एड., शाळेत शिकवते, घरात आजीचं सगळं करते. चार ठिकाणी फोटो पसंत पडला, शिक्षण पसंत पडलं, आणि पत्रिका गेल्यावर फोन यायचे थांबले. पाचव्या घरानं अट घातली की आधी मातीच्या घटाशी तिचं लग्न लावा, मग आम्ही पुढे येतो. जैन घर होतं. त्या रात्री भांडी आवरताना ती मला म्हणाली, “काकू, माझ्यात असं काय आहे, की मी कोणाला तरी मारीन?” मला तिच्या हातातलं भांडं काढून घ्यावं लागलं, हात थरथरत होते तिचे. घट हे अजीव द्रव्य आहे, तो कोणाचं कर्म उचलू शकत नाही, हे मी तिला सांगितलं. पण तिचा प्रश्न शास्त्राचा नव्हताच. आपण सगळ्यांनी मिळून एका निरपराध मुलीला स्वतःचीच भीती वाटायला लावली होती. अहिंसेची आपली व्याख्या पाणी गाळण्यापाशी संपते का?

थोडा हिशोबही करून बघा, आपल्याला भाजीचा हिशोब येतो तसा. पत्रिकेत १२ घरं. पहिल्या, चौथ्या, सातव्या, आठव्या किंवा बाराव्या घरात मंगळ आला की ‘मंगळ आहे’ म्हणतात. म्हणजे १२ पैकी ५. दर १२ मुलींत साधारण ५, आणि मुलांतही तितकेच. शंभरात चाळिसाहून अधिक! एवढ्या बायका नवऱ्यांना जड गेल्या असत्या तर आपल्या समाजात म्हातारी जोडपी दिसलीच नसती. साडेसातीचंही तसंच. शनी एका राशीत अडीच वर्षं राहतो, आणि आपली रास, तिच्या आधीची आणि नंतरची अशा तीन राशी मिळून साडेसात वर्षं. १२ राशींपैकी ३ राशींची साडेसाती कोणत्याही दिवशी चालूच असते. म्हणजे मंदिरात समोर बसलेल्या चार जणींपैकी एकीची आज साडेसाती आहे. साडेसात वर्षांत कोणाच्या घरी आजारपण येत नाही, कोणाचं पीक बुडत नाही? ज्याची साडेसाती नाही त्याच्याही घरी येतं.

मी ज्योतिष पूर्ण टाकून द्या असं म्हणत नाही. आपल्या परंपरेत निमित्तज्ञान आहे. पण ते कसं वापरायचं हे आचार्य भद्रबाहूंनी दाखवलं. पाळण्यातल्या बाळाच्या बोलण्यावरून त्यांनी ओळखलं की १२ वर्षांचा दुष्काळ येतोय. त्यांनी दुष्काळाची शांती घातली नाही, कोणाला दोष दिला नाही. संघाला घेऊन ते दक्षिणेकडे चालत निघाले. शिष्य झालेला चंद्रगुप्तही सोबत होता असं आपली परंपरा सांगते, आणि श्रवणबेळगोळ आजही त्याची आठवण जपून आहे. खूण दिसली, की पाय उचलायचे.

श्वेतांबर परंपरेत एक प्रसंग सांगतात, तोही आपण सगळ्यांनी मनात ठेवावा असा आहे. पावापुरीला भगवान महावीरांच्या निर्वाणाची वेळ आली, तेव्हा भस्म नावाचा ग्रह त्यांच्या जन्मनक्षत्रावर येत होता, आणि त्याचा परिणाम २००० वर्षं राहणार होता. इंद्रानं विनवलं, भगवंत, फक्त क्षणभर थांबा. भगवंत म्हणाले, आयुष्य क्षणानंही वाढवता येत नाही. तीर्थंकरांनी ग्रह टाळण्यासाठी एक क्षण मागितला नाही, आणि आपण साध्या बोलाचालीसाठी ‘आज दिवस बरा नाही’ म्हणतो.

मैनासुंदरीची गोष्ट तर आपण दर अष्टाह्निकेला ऐकतो. राजा वडिलांनी विचारलं, तू कोणाच्या नशिबानं सुखात आहेस? ती म्हणाली, माझ्या कर्मानं. चिडून बापानं तिचं लग्न कुष्ठरोगी श्रीपालाशी लावलं. ती रडत बसली नाही, माझे ग्रह वाईट म्हणाली नाही. नवऱ्याची सेवा केली आणि मनापासून सिद्धचक्राची आराधना केली. आपण सिद्धचक्र विधान करतो ते तिच्यामुळे. मग तिचं ते पहिलं उत्तर आपण का विसरतो?

माझ्या सासूबाई आजही पत्रिका बघतात. त्यांच्या आईनं बघितली, म्हणून त्याही बघतात. वयाच्या माणसाशी मी त्यावर वाद घालत नाही. पण आमच्या घरात आता एक ठरलेलं आहे: पत्रिका बघायची असेल तर बघा, तिच्यावरून कोणाला नाही म्हणायचं नाही. सासूबाईंनीच एकदा शेजारच्या बाईंना सांगितलं, “मंगळ तर नावातच मंगल आहे, त्याला का भ्यायचं?” बरोबरच आहे. आपल्या मांगलिक पाठात मंगल चारच सांगितलेत: अरिहंत, सिद्ध, साधू आणि केवलींनी सांगितलेला धर्म. त्यात कोणत्याही घरात बसलेला ग्रह येत नाही.

खरंच जुळवायचं असेल तर जुळवण्यासारखं पुष्कळ आहे. मुलगा-मुलगी दोघांची थॅलेसेमिया आणि सिकलसेलची रक्ततपासणी करा. विदर्भात सिकलसेल आहे, हे आपण सगळे जाणतो. दोघेही एकाच आजाराचे वाहक निघाले तर प्रत्येक बाळंतपणात चारात एक वेळ बाळाला तो आजार होण्याची शक्यता असते. वाहक स्वतः ठणठणीत दिसतात, म्हणून तपासल्याशिवाय कळत नाही. दुकानावर कर्ज किती, मुलगा दारू-गुटखा घेतो का, रागात हात उगारतो का, सुनेनं नोकरी केलेली चालेल का, हे विचारा. राग बघायचा तर माणसात बघा, पत्रिकेत कशाला? आणि दोघांना एकमेकांशी निवांत बोलू द्या.

मुलांच्या आयांना माझं विशेष सांगणं आहे. मुलीच्या आईनं कितीही ठरवलं तरी तिचे हात बांधलेले असतात; समोरून पत्रिका मागितली की ती देतेच. मुलाच्या आईनं ‘आम्हाला पत्रिका नको’ एवढं म्हटलं, तर एका घरावरचं मोठं ओझं उतरतं. त्याला पैसा लागत नाही, विधान लागत नाही. ज्यांच्या घरी यंदा मुलगा लग्नाचा आहे, त्यांनी आजच बायोडाटा उघडावा आणि ती मंगळाची ओळ खोडावी. तिथे लिहावं, ‘रक्ततपासणी झालेली आहे’.

माझ्या त्या नात्यातल्या मुलीचं लग्न अजून व्हायचं आहे. चांगली मुलगी आहे. एखादी सासू असं म्हणणारी भेटली, तर त्या घराचं भाग्य.

जय जिनेंद्र.